काळा चबुतरा आणि मध्ये पडणारी माणसं

नगरच्या भुईकोट किल्ल्याचं नाव काढलं की लोकांना दोन गोष्टी हमखास आठवतात. एक चांदबिबी, आणि दुसरी म्हणजे १९४२ ते १९४५ या काळात तिथे कैदेत असलेले नेहरू, मौलाना आझाद आणि त्यांचे साथीदार. दोन्ही गोष्टी भिंतीच्या आतल्या. मला आज भिंतीच्या बाहेरच्या एका जागेबद्दल लिहायचं आहे. तिचं नाव काळा चबुतरा. निजामशाहीत किल्ल्याबाहेरच्या मोकळ्या पटांगणाला हे नाव होतं. आज त्या नावाची पाटी निदान माझ्या पाहण्यात तरी नाही. पण या शहरात तरुण पोरं जिथे आपली ताकद आजमावायला जमत, अशी माझ्या वाचनात आलेली ही सगळ्यात जुनी जागा. तिथला खेळ मात्र असा होता, की हरणारा बहुतेक वेळा घरी परत जात नसे.

ही हकीकत आपल्याला सांगतो तो फरिश्ता. मुहम्मद कासीम हे त्याचं खरं नाव. मूळचा कास्पियन समुद्राजवळच्या अस्त्राबादचा. त्याचे वडील गुलाम अली हिंदूशाह नगरला आले ते शिक्षक म्हणून. मुर्तजा निजामशाहाचा मुलगा मीरान हुसेन याला फारसी शिकवण्याचं काम त्यांना मिळालं होतं. म्हणजे आपल्या शहराचा इतिहास ज्याने लिहिला तो एका भाषाशिक्षकाचा मुलगा. (आमच्या स्टाफरूममध्ये हे मी एकदा सांगितलं, तर एक सर म्हणाले, त्या काळी पगार वेळेवर होत असणार.) फरिश्ता इथेच वाढला, राजपुत्राच्या बरोबरीने शिकला. पुढे त्याच मीरान हुसेनने बापाविरुद्ध उठाव केला तेव्हा फरिश्ता बापाच्या पहाऱ्यावर होता, आणि जुना वर्गमित्र म्हणून त्याचा जीव वाचला. १५८९ मध्ये तो विजापूरला गेला आणि तिथे इब्राहिम आदिलशाहाच्या सांगण्यावरून त्याने दख्खनचा आणि हिंदुस्थानचा मोठा इतिहास फारसीत लिहिला.

आता मूळ हकीकत. मलिक अहमद, म्हणजे पहिला निजामशाह, याने बहमनी सरदार जहांगीर खानाचा भिंगारजवळ पराभव केला तो १४९० मध्ये. २८ मे हा दिवस आजही शहराचा स्थापना दिन मानतात. शहराची उभारणी १४९४ च्या सुमारास सुरू झाली. आता कागदोपत्री शहर अहिल्यानगर झालं आहे, बोलताना सगळे अजून नगरच म्हणतात. या अहमदशाहाचे पूर्वज पाथरीचे कुलकर्णी ब्राह्मण होते, असं त्याच्या घराण्याबद्दल सांगितलं जातं. माणूस शूर, बोलण्यात सभ्य, आणि फरिश्ता त्याच्या शालीनतेचं कौतुक करतो. पण त्याला एक नाद होता. तलवारबाजीचा.

राजाला जे आवडतं ते प्रजेला आवडायला वेळ लागत नाही. फरिश्ता लिहितो त्याचा मथितार्थ असा: शहरातल्या थोरामोठ्यांची आणि साध्या घरांतली पोरं दिवसभर तलवारीचे हात शिकू लागली. इतर शहरांत जिथे मदरसे असतात तिथे नगरच्या मोहल्ल्यामोहल्ल्यांत तलवार शिकवणाऱ्या शाळा निघाल्या. बैठकीत दुसरा विषयच नाही. आणि मग जे व्हायचं तेच झालं. प्रत्येक जण म्हणू लागला की माझ्यासारखा हात कुणाचाच नाही. वाद वाढला की दोघे राजाकडे जात. राजा म्हणे, ठीक आहे, माझ्यासमोर लढा, जो पहिला वार बसवेल तो सरस. रोज दिवाणखान्यासमोर पोरांची गर्दी जमू लागली. पहिला वार, हा नियम कागदावर बरा होता. तलवारीला तो कळत नव्हता. रोज दोन-तीन मुडदे दरबारातून उचलले जाऊ लागले.

शेवटी राजाला त्याची किळस आली. इथे मी दरवेळी थांबतो, कारण पुढचं वाक्य वाचायच्या आधी आपल्याला वाटतं की आता तो हा प्रकार बंद करणार. त्याने तसं केलं नाही. त्याने हुकूम दिला की माझ्यासमोर नको, किल्ल्याबाहेर काळ्या चबुतऱ्याच्या मैदानात जाऊन लढा. दोन्ही बाजूंच्या मित्रमंडळींनी उभं राहून पाहावं, पण मध्ये पडू नये. आणि सरळ लढतीत कुणी मेला तर त्याच्या खुनाचा किसास मागायचा नाही.

किसास हा शब्द थोडा समजून घ्यायला हवा. इस्लामी कायद्यात एखाद्याचा जीव घेतला तर घेणाऱ्याला त्याचा हिशेब द्यावा लागतो. वारसांना बदला मागण्याचा हक्क असतो, दियत म्हणजे भरपाई घेण्याचा हक्क असतो, माफ करण्याचाही असतो. मेलेल्या माणसाच्या मागे कुणीतरी उभं राहून विचारू शकतं, हे त्यातलं मुख्य. अहमदशाहाने तो प्रश्नच काढून घेतला. काळ्या चबुतऱ्यावर मेलेल्या पोराच्या आईला काजीकडे जाण्याची वाट उरली नाही. राजाने खेळ थांबवला नाही, फक्त आपल्या डोळ्यांसमोरून हलवला.

काही जण याचं समर्थन करतील. नवं राज्य होतं, चहूबाजूंनी शत्रू, लढवय्ये पाहिजे होते. पण फरिश्ता स्वतः या युक्तिवादाची हवा काढतो. त्याचं म्हणणं, दख्खनचे लोक पायी, समोरासमोर तलवार चालवण्यात कुणाला हार जाणार नाहीत, पण घोड्यावरून भाला चालवणाऱ्या फौजेसमोर या कसबाचा रणांगणात फारसा उपयोग होत नाही. गल्लीतल्या भांडणात वाघ, इतकंच. म्हणजे ज्याच्या नावाखाली पोरं मेली ते युद्धाचं शिक्षणही नव्हतं. तो नुसता मानपानाचा खेळ होता. आणि तो नगरमधून सगळ्या दख्खनभर पसरला. फरिश्त्याच्या सांगण्याप्रमाणे राजेरजवाडेच नव्हे, विद्वान आणि शेख-मशायखसुद्धा यात पडले. ज्याने कधी कुणाला आव्हान दिलं नाही त्याला मर्द म्हणून मोजत नसत.

फरिश्त्याचा जन्म अहमदशाहानंतर बऱ्याच वर्षांनी झाला, तेव्हा हे सगळं त्याचं ऐकीव, असं कुणी म्हणू शकेल. मूळ कथा ऐकीव आहेच. पण तो लहानाचा मोठा याच शहरात झाला, आणि या चालीची फळं त्याने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली. ते पुढे सांगतो.

त्याआधी शब्दांबद्दल थोडं, कारण माझा धंदा तो आहे. मुलांना मी उर्दूही शिकवतो आणि मराठीही, आणि दोन्हीकडे एक शब्द वेगवेगळ्या कपड्यांत भेटतो. तालीम. अरबी ‘तअलीम’, म्हणजे शिकवणं. उर्दूत शिक्षण खात्याला ‘महकमा-ए-तालीम’ म्हणतात. मराठीत तालीम म्हणजे आखाडा, लाल माती, जोर-बैठका. मी तालमीत असतो असं उर्दूत सांगितलं तर मी शिक्षक, मराठीत सांगितलं तर पैलवान, आणि माझं पोट पाहून दुसऱ्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही. उस्तादचा वस्ताद झाला, पहलवानचा पैलवान. ‘कसरत’ म्हणजे अरबीत विपुलता, एखादी गोष्ट पुन्हापुन्हा होणं. मराठीत तिचा व्यायाम झाला. आणि मैदान तर सरळ फारसीतून जसंच्या तसं आलं. मराठी मुलखात व्यायामाच्या जागेला शाळेचं नाव का मिळालं, याचं उत्तर एका शहरात किंवा एका राजात शोधू नये. पण मदरशांच्या जागी तलवारीच्या शाळा निघाल्याचं फरिश्त्यात वाचतो तेव्हा तालीम हा शब्द मला थोडा वेगळा ऐकू येतो.

तालमीचं मात्र भलं झालं. काळाच्या ओघात तिथली तलवार बोथट झाली, लाकडाची झाली, फरी-गदग्याचा खेळ झाला, दांडपट्टा मिरवणुकीत आला. कुस्तीत चितपट करणं पुरलं. पाठ टेकली की संपलं, दोघे उठतात, हात मिळवतात, वस्तादाच्या पाया पडतात. हा बदल केवढा मोठा आहे हे काळा चबुतरा वाचल्यावर कळतं. हरलेला माणूस उद्या परत येऊ शकतो, हाच खेळ आणि खून यांच्यातला फरक.

आता आजच्या मैदानाकडे येतो. नगरला वाडिया पार्क आहे, ते जिल्ह्याचं क्रीडा संकुल, तिथलं सगळं रीतसर. मी म्हणतोय ते आमच्या भागातलं साधं मैदान. एका बाजूला भिंत, एका बाजूला नाला, मध्ये काटेरी झुडपं. गेली कित्येक वर्षं अस्रनंतर मी तिथे चालायला जातो, डॉक्टरांनी सांगितलंय म्हणून. चालणं कमी, बघणं जास्त होतं.

पहाटे मैदान भरतीवाल्यांचं असतं. पोलीस भरतीत मुलांना १६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावं लागतं, शिवाय १०० मीटर आणि गोळाफेक. खेड्यांतून येऊन खोली घेऊन राहणारी पोरं-पोरी अंधारात धावतात, एक जण मोबाईलवर वेळ लावतो. आमच्याच शाळेतून गेलेली एक मुलगी दीड वर्ष रोज यायची, डोक्याला ओढणी घट्ट बांधून. सुरुवातीला कट्ट्यावरच्या म्हाताऱ्यांनी कुजबुज केली. मग तेच म्हातारे तिची वेळ विचारू लागले. चांदबिबीची हातावर बहिरी ससाणा घेऊन घोड्यावर बसलेली जुनी दख्खनी चित्रं आहेत. तिच्या आठवणीने ज्यांची छाती फुगते त्यांनी घरातल्या मुलीला मैदानावर जायला अडवू नये, एवढंच मी पालकसभेत सांगतो. (आणि हो, डोंगरावरची ती तीन मजली इमारत चांदबिबीचा महाल नाही. ती सलाबत खानाची कबर आहे. हेही पालकसभेत सांगतो, कुणी ऐकत नाही.)

संध्याकाळी क्रिकेट. एका मैदानात चार-पाच सामने एकाच वेळी, एकाचा लाँगऑन दुसऱ्याच्या स्लिपमध्ये उभा. कुणाचा चेंडू कुणाचा हे त्यांना कसं कळतं हे मला अजून कळलेलं नाही. स्टंप म्हणजे विटा किंवा सायकल. भिंतीपलीकडे गेला तर आउट, आणणार मारणारा. लहान भाऊ सोबत आला असेल तर तो कच्चं लिंबू, म्हणजे खेळेल पण आउट होणार नाही. गडी विषम झाले तर एक जण दोन्हीकडून. ज्याची बॅट त्याला आधी बॅटिंग, हा नियम कुठेही लिहिलेला नाही आणि कुणीही मोडत नाही. अंपायर बॅटिंगवाल्या बाजूचा, त्यामुळे त्याच्यावर कुणाचाच विश्वास नसतो.

म्हणून भांडणं होतात. रोज. धावबाद होता की नव्हता यावर मी वीस-वीस मिनिटं खेळ थांबलेला पाहिलाय. ‘रडी खेळतो’ हा सगळ्यात मोठा आरोप. मग शपथा सुरू होतात. एक पोरगा ‘आईशप्पथ’ म्हणतो, दुसरा ‘अल्ला कसम’, आणि दोन्ही शपथा दोन्ही बाजूंना चालतात, हे मला फार आवडतं. शपथेनेही नाही मिटलं तर माझ्याकडे येतात. “सर, तुम्ही बघितलं ना?” मी बघितलेलं असो की नसो, माझं उत्तर ठरलेलं: तो बॉल परत टाका. कुणालाच पटत नाही, पण परत टाकतात. जो निकाल देता येत नाही तो चेंडू पुन्हा टाकायचा, हे माझं डोकं नाही. मैदानावर ते माझ्या आधीपासून चालत आलंय.

या जिल्ह्याच्या अशा मैदानांतून काय निघू शकतं हे वेगळं सांगायला नको. झहीर खान श्रीरामपूरचा, १९७८ चा जन्म. २०११ च्या विश्वचषकात २१ बळी. अजिंक्य रहाणे संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दचा. दोघेही कधीतरी कुणाच्या तरी मैदानात कच्चं लिंबू असणारच. पण मला झहीर किंवा रहाणे घडवणं हे मैदानाचं मुख्य काम वाटत नाही.

२०२३ च्या मे महिन्यात शेवगावला मिरवणुकीच्या वेळी दगडफेक झाली. त्या उन्हाळ्यात जिल्ह्यात इतर ठिकाणीही ताण होता. मोबाईलवरच्या एखाद्या स्टेटसवरून दुकानं बंद होत होती. आमच्या मैदानावर काही दिवस कुणी फिरकलं नाही. शाळांना सुट्ट्या, ऐन खेळायचे दिवस, आणि मैदान मोकळं. नंतर दोन-चार पोरं आली, पण आपापल्या गल्लीची, मैदानाच्या दोन टोकांना. दोन दिवस तसंच चाललं. तिसऱ्या दिवशी अडलं ते साध्या गोष्टीवर. इकडे सात गडी, तिकडे सहा. सात जणांत क्रिकेट होतं, पण मजा येत नाही, चेंडू आणायलाच सगळे जातात. इकडच्या एकाने तिकडे ओरडून विचारलं, “ए, खेळायचं का?” कुणी शांतता समिती बोलावली नव्हती. अकरा गडी कुठल्याच एका गल्लीत पुरत नाहीत, इतकंच.

आता फरिश्त्याने स्वतः पाहिलेली गोष्ट. सन हिजरी १०१०, म्हणजे आपलं १६०१-०२, जागा विजापूरचा रस्ता. एका बाजूला दोन सय्यद भाऊ, पांढऱ्या दाढीचे, दरबारात मान असलेले. दुसऱ्या बाजूला तीन दख्खनी भाऊ, तेही केस पिकलेले, तेही प्रतिष्ठित. वाद कसल्यातरी क्षुल्लक गोष्टीवरून. आधी एका सय्यदाचा वीस वर्षांचा मुलगा पुढे झाला आणि मेला. मग बाप उतरला, मग काका. दोघेही मेले. त्यांचे मृतदेह हलवायच्या आत समोरचे तिघे भाऊ जखमांनी गेले. सहा माणसं, दोन घरं, काही मिनिटांत.

मला यात सगळ्यात जास्त टोचतं ते वय. वीस वर्षांच्या पोराचं समजू शकतो. पण बाकी पाचही पिकल्या केसांचे होते. त्यांच्यापैकी एकाने म्हणायला हवं होतं की जाऊ द्या. आणि रस्त्यात तर माणसं असणारच, भर विजापूर ते. फरिश्ताही तिथेच होता. पण अहमदशाहाने शंभर वर्षांपूर्वी नगरला घातलेला नियम तोपर्यंत सगळ्यांच्या अंगवळणी पडला होता. मध्ये पडायचं नाही. दोघांच्या भांडणात तिसऱ्याने हात घालणं म्हणजे त्यांच्या मर्दानगीचा अपमान. फरिश्ता या चालीला वाईटच म्हणतो, आणि आपल्या काळच्या सुलतानांमुळे ती कमी होत चालली आहे याचं समाधान मानतो. पण त्याच्याच पानावर त्या दिवशी सगळे उभे राहून बघताना दिसतात.

किल्ल्याभोवतीचं पटांगण पुढे अनेकांच्या टाचांखालून गेलं. मोगल आले, मराठे आले. १२ ऑगस्ट १८०३ रोजी वेलस्लीने किल्ला घेतला आणि भिंगारला इंग्रजांची छावणी बसली. छावणीबरोबर कवायत आली, पाश्चात्त्य खेळ आले, शिट्टी आली. शिट्टी ही चांगली वस्तू आहे, मी शाळेत गळ्यात घालतो. पण आमच्या संध्याकाळच्या मैदानावर शिट्टी नाही, आणि तरी तिथे कुणी मेलेलं नाही. याचं कारण मी बरीच वर्षं बघून असं काढलंय, की तिथे प्रत्येक जण मध्ये पडतो.

गेल्या हिवाळ्यात दोन मोठी पोरं, अठरा-एकोणीसची, खरोखर हातघाईवर आली. सुरुवात नो बॉलवरून. मग गल्लीचं नाव निघालं, मग आणखी एक शब्द निघाला जो निघायला नको होता, आणि एकाने बॅट उचलली. मी मैदानाच्या दुसऱ्या टोकाला होतो, पोहोचायला वेळ लागला असता. पण माझी गरजच पडली नाही. सगळ्यात आधी भेळवाला गाडी सोडून धावला, हातात कांदा चिरायची सुरी तशीच. ती पाहून दोघेही आधी त्यालाच घाबरले. कट्ट्यावरचे दोन म्हातारे, एक आमचे हाजीचाचा आणि एक सेवानिवृत्त एसटी कंडक्टर काका, काठ्या टेकत आले आणि दोघांनी मिळून दोन्ही पोरांच्या बापांची नावं घेऊन शिव्या घातल्या. शेजारच्या सामन्यातली पोरं आपला सामना सोडून आली. कुणीतरी बॅट काढून घेतली. एक बारकं पोर, कच्चं लिंबूच असावं, मधोमध उभं राहून रडायला लागलं कारण बॅट त्याच्या भावाची होती. पाच मिनिटं सगळे एकदम बोलत होते, कुणाचंच कुणाला ऐकू येत नव्हतं.

मग कंडक्टर काकांनी विचारलं, “कितवा बॉल होता?”

चौथा, असं एक बाजू म्हणाली. पाचवा, असं दुसरी म्हणाली. त्यावर नवं भांडण सुरू झालं, पण ते आता आकड्याचं होतं. भेळवाला परत गाडीकडे गेला, काका-चाचा कट्ट्यावर जाऊन बसले, आणि चौथा बॉल परत टाकायचं ठरलं.